माल उतरला, बिल थकलं. आता पार्टी कोर्टात म्हणते ‘माल आलाच नाही’

जालना_सळई (धागाकर्ता)

राम राम मंडळी.

आमची जालन्यात सळई, अँगल, चॅनेलची होलसेल पेढी आहे. मिल आमची नाही. इथल्या रोलिंग मिलवाल्यांकडून माल उचलायचा आणि परभणी, सेलू, मानवत, हिंगोलीकडच्या दुकानदारांना, ठेकेदारांना द्यायचा, असा धंदा. परभणी जिल्ह्यातल्या एका पार्टीकडे चार बिलांचे मिळून साडेअकरा लाख अडकलेत. फोन उचलणं बंद झालं, मग नोटीस, मग कमर्शियल कोर्टात दावा. आता त्यांची लेखी कैफियत (दाव्याला दिलेलं उत्तर) आलीय. पहिली दोन बिलं मान्य, पण ‘रेट जास्त लावला’. तिसऱ्या आणि चौथ्या बिलाचा ‘माल प्रतिवादीस कधीही मिळालेला नाही, वादीने खोटी बिले तयार केली आहेत’.

कागदांची स्थिती अशी. पहिल्या दोन चलनांवर (मालासोबत जाणारा, पोचेची सही घेऊन परत यायचा कागद) शिक्का आणि सही आहे. तिसरा माल थेट साइटवर उतरवला, चलनावर नुसतीच सही, ती बी वाचता येईना, शिक्का नाही. चौथ्याचं चलन परत आलंच नाही. आमच्याकडची काटा पावती (गाडीच्या वजनाची), ई-वे बिल (जीएसटी पोर्टलवरचं वाहतुकीचं बिल) आणि बिल्टी (ट्रान्सपोर्टची पावती) तेवढी आहे. टॅलीचा खातेउतारा चारही बिलांचा आहे, पुस्तकं ऑडिट झालेली आहेत. आमचे वकीलसाहेब म्हणायलेत की खातेउतारा एकटा पुरणार नाही. वडिलांच्या काळात रोजकीर्द-खतावणी कोर्टात नेली की काम व्हायचं, असं घरात ऐकत आलो. मग ऑडिट झालेल्या पुस्तकाला काहीच किंमत नाही का? जाणकारांनी सांगावं.

कोटवाला_लातूरकर

तुमचे वकील बरोबर सांगतात. वडिलांच्या काळीही कायदा हाच होता, समोरची माणसं वेगळी होती एवढंच. १८७२ च्या पुरावा कायद्यात कलम ३४ होतं, १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात तेच कलम २८ म्हणून आलंय. धंद्याच्या ओघात नियमित ठेवलेल्या हिशेबाच्या वह्यांतल्या नोंदी पुराव्यात येतात, पण तेवढ्यावरच कुणाच्या अंगावर देणं लादता येत नाही. याचं कारण सरळ आहे. वही तुमची, लिहिणारा मुनीम तुमचा. तुम्ही लिहिलं म्हणून समोरचा देणेकरी ठरत नाही. नोंदीला बाहेरचा आधार लागतो: पोच, वाहतुकीचा कागद, समोरच्याचं पत्र, त्याचं पेमेंट, कुणाची तरी साक्ष. बिलाचंही तसंच. बिल म्हणजे तुमची मागणी. माल पोहोचला हे बिलावरून दिसत नाही.

पण घाबरायचं कारण नाही. हा दिवाणी दावा आहे, खुनाचा खटला नव्हे. माल गेला असण्याची शक्यता न गेल्यापेक्षा जास्त आहे, एवढं न्यायाधीशांना पटलं पाहिजे. काटा, ई-वे बिल, बिल्टी, ड्रायव्हरची साक्ष आणि वहीतली नोंद हे सगळं एका तारखेला, एका गाडी नंबरला, एका वजनाला जुळलं की चित्र उभं राहतं. वजनात किंवा तारखेत फरक असेल तर उलटतपासणीत तिथंच बोट ठेवतात, तेव्हा आधी ते ताडून घ्या.

आणखी एक. दावा कमर्शियल आहे ना? मग नुसतं ‘नाकबूल’ लिहून भागत नाही. अशा दाव्यात प्रतिवादीनं नाकारण्याचं कारण द्यायचं असतं आणि त्याची स्वतःची हकीकत वेगळी असेल तर ती मांडायची असते. त्यांनी दोन ओळींत उडवलं असेल तर युक्तिवादात ते जरूर वापरा.

बिल्टीवाला_नांदेड

वकीलसाहेबांनी कायदा सांगितला, मी गाडी कशी उतरते ते सांगतो. आमचं बुकिंग ऑफिस आहे, रोज हेच बघतो.

साइटची डिलिव्हरी म्हणजे गाडी पोहोचते रात्री. जालन्यात दुपारपर्यंत काट्याची लाइन, मग लोडिंग, मग मंठा-जिंतूर रोड. साइटवर इंजिनिअर नसतो, सुपरवायझर गावात राहतो. वॉचमन असतो आणि त्याचा कुत्रा. हमाल टोळी सळईचे बंडल सब्बलीनं ढकलत एका बाजूनं खाली पाडती, तारा तुटत्यात, मोजायचं कुणी? ड्रायव्हरला पहाटेच्या आत परतीचं भाडं धरायचं असतं. तो चलन पुढं करतो, वॉचमन मोबाइलच्या टॉर्चमध्ये जिथं जागा दिसंल तिथं सही ठोकतो. नाव नाही, तारीख नाही, किती बंडल ते नाही. चलनाची ती कॉपी ड्रायव्हरच्या केबिनमध्ये सनवायझरला खोचलेली राहते. पावसात भिजली, हरवली, दुसऱ्या ट्रिपला गाडी गुजरातेत गेली, संपला विषय. तुमच्या चौथ्या चलनाचं असंच झालं असणार.

आता मुद्द्याचं. धागाकर्ते, भाडं कोणी दिलं? गाडी ‘पेड’ होती का ‘टू पे’? टू पे असेल तर भाडं माल घेणारा देतो, बहुतेक वेळा जागेवरच आणि आजकाल फोनपेवर. माल आलाच नाही तर भाडं कशाचं दिलं, हा प्रश्न त्यांना विचारायला लावा.

सीए_मोंढा

बिल्टीवाल्यांचा मुद्दा एक नंबर. मी जीएसटीचा सांगतो, कारण यात लोक निम्मंच ऐकतात आणि कोर्टात तोंडघशी पडतात.

अर्धवट ज्ञान असं: ‘माझं बिल त्याच्या २बी मध्ये (खरेदीदाराला पोर्टलवर दिसणारी बिलांची यादी) दिसतंय, म्हणजे त्याला माल मिळाला.’ नाही. २बी तुमच्या जीएसटीआर-१ वरून, म्हणजे तुमच्या विक्रीच्या रिटर्नवरून, आपोआप बनतं. तुम्ही खोटं बिल चढवलं तरी ते तिथं दिसणारच. ती तुमचीच नोंद त्याच्या पडद्यावर गेलेली असते.

खरा प्रश्न, त्यानं क्रेडिट (खरेदीवर भरलेल्या कराची वजावट) घेतलं का? सीजीएसटी कायद्याच्या कलम १६(२) प्रमाणे माल प्रत्यक्ष मिळाल्याशिवाय इनपुट क्रेडिट घेताच येत नाही. सरकारपुढं ‘माल मिळाला’ म्हणून कर वळता करून घ्यायचा आणि कोर्टात ‘मिळालाच नाही’ म्हणायचं, या दोन गोष्टी एका तोंडानं बोलता येत नाहीत. फक्त ३बी मध्ये (कर भरायच्या रिटर्नमध्ये) क्रेडिटची एकूण बेरीज असते, बिलवार तपशील नसतो. म्हणून नुसतं ३बी मागू नका. त्यांचं खरेदी रजिस्टर, त्या महिन्याचा २बी जुळवणीचा तक्ता आणि तुमच्या नावाचं त्यांच्या पुस्तकातलं खातं हजर करायला सांगा. जीएसटी ऑफिसला समन्स काढायच्या मागं लागू नका. कलम १५८ ची गोपनीयता पुढं करून ते हात वर करू शकतात. समोरच्याकडूनच मागा. हे हजर केलं नाही तर कोर्ट त्यांच्या विरुद्ध अनुमान काढू शकतं.

दुसरं, १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर घेतलेलं क्रेडिट व्याजासह उलटवावं लागतं. त्यांनी ते उलटवलं असेल तर मूळ घेतलं होतं हे आपोआप सिद्ध होतं. तिसरं, तुमची बिलं ऑक्टोबर २०२४ नंतरची असतील तर पोर्टलवर आयएमएस (आलेली बिलं तपासायची सोय) आलंय. घेणारा बिल स्वीकारू किंवा नाकारू शकतो. काहीच केलं नाही तर ते स्वीकारलं असं धरलं जातं, त्यावर फार भिस्त ठेवू नका. पण स्वतः ‘स्वीकारा’ दाबलं असेल तर बोलणं वेगळं. ई-वे बिलाचंही तेच. घेणाऱ्याला ते नाकारायची सोय असते, ७२ तासांत किंवा त्याआधी डिलिव्हरी झाली तर तोवर. नाकारलं नाही तर मान्य धरतात.

वाळूज_खरेदीवाला

सगळेच विकणाऱ्यांच्या बाजूनं बोलायलेत, थोडं आमचं बी ऐका. मी वाळूज एमआयडीसीत एका कारखान्याचं परचेस बघतो. माल न पाठवता बिल आधी काढणारे, महिनाअखेरीला टार्गेट भरायला बिलं फाडणारे, सप्लायर आम्ही बघितलेत. काट्यावर गाडीसोबत क्लीनरला उभं करून वजन वाढवणारेबी बघितलेत. आणि सळईच्या धंद्यात नुसतं बिल फिरवायचा प्रकार तुम्हाला माहीत नाही असं म्हणू नका, शेठ. मग कोर्टानं पोच मागितली तर राग कशाचा?

सर्वोच्च न्यायालयानं मार्च २०२३ मध्ये कर्नाटक सरकार विरुद्ध इकॉम गिल कॉफी ट्रेडिंग या निकालात क्रेडिट मागणाऱ्या खरेदीदारालाच सांगितलं, नुसतं बिल आणि चेकनं दिलेले पैसे दाखवून चालणार नाही, माल खरोखर हलला हे दाखव: गाडी नंबर, भाड्याची पावती, माल मिळाल्याची पोच. तो कर्नाटकच्या व्हॅट कायद्यातला निकाल होता. तरी खरेदी करणाऱ्याला जे मागतात तेच विकणाऱ्याला मागितलं तर बिघडलं कुठं?

कोटवाला_लातूरकर

@वाळूज_खरेदीवाला, मुद्दा रास्त आहे. पण खरेदीदारावरही कायद्यानं काही टाकलंय. मालविक्री कायदा १९३० प्रमाणे माल तपासायची वाजवी संधी घेणाऱ्याला मिळते. पण वाजवी वेळ उलटून गेल्यावरही ‘माल नको’ असं न कळवता तो ठेवून घेतला, तर स्वीकारला असं धरतात. नोटीस आल्यावर पहिल्यांदा वजन कमी आणि रेट जास्त आठवणाऱ्यांची ही अडचण असते. आणि गाडी घेणाऱ्यानं ठरवली असेल किंवा त्याच्या सांगण्यावरून माल वाहतूकदाराच्या ताब्यात दिला असेल, तर प्रथमदर्शनी तीच डिलिव्हरी (कलम ३९). धागाकर्ते, गाडी कोणी ठरवली ते सांगा.

चिकलठाणा_वेंडर

एवढं कोर्टात कशाला जायचं? एमएसएमई कौन्सिलला (छोट्या उद्योगांची थकबाकी बघणारी सरकारी परिषद) टाका. उद्यम नंबर (छोट्या उद्योगाची नोंदणी) आहे ना? ४५ दिवसांच्या वर गेलं की रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट व्याज, तेबी दर महिन्याला चक्रवाढ. आणि निवाड्याविरुद्ध जायचं असेल तर समोरच्याला आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते. मी दोन पार्ट्यांना तसंच आणलंय लाइनवर.

सीए_मोंढा

@चिकलठाणा_वेंडर, तुम्ही बनवता, धागाकर्ते विकत घेऊन विकतात. जुलै २०२१ मध्ये घाऊक-किरकोळ व्यापाऱ्यांना उद्यम नोंदणी दिली, ती फक्त बँकेच्या प्राधान्य कर्जापुरती. थकीत बिलांचं संरक्षण त्यांना नाही. आयकराच्या ४३बी(एच) चा (छोट्या उद्योगाचे पैसे मुदतीत दिले नाहीत तर खर्चाची वजावट अडते) धाकही व्यापाऱ्याच्या बिलाला लागू होत नाही, हे दर मार्चमध्ये मी माझ्या क्लायंटांना सांगतो आणि दर मार्चमध्ये ते पुन्हा विचारतात.

कारखानदारांसाठी मात्र एमएसएमई कायद्यातली एक गोष्ट या धाग्याच्या विषयाशी थेट जोडलेली आहे. माल मिळाल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत घेतली नाही तर डिलिव्हरीचा दिवस हाच स्वीकृतीचा दिवस धरतात. पण डिलिव्हरीचा दिवस शेवटी दाखवावाच लागतो, म्हणजे पोच तिथंही सुटत नाही. आणि नोंदणी माल देण्याच्या आधीची हवी, वाद झाल्यावर काढलेला उद्यम नंबर जुन्या बिलांना चालत नाही असं न्यायालयांनी सांगितलंय.

जालना_सळई (धागाकर्ता)

सगळ्यांचे आभार. उत्तरं देतो.

गाडी आम्हीच ठरवली, पण दोन्ही वेळा टू पे. तिसऱ्या बिलाचं भाडं त्यांच्या साइट सुपरवायझरनं गाडीमालकाला फोनपे केलं असं गाडीमालक म्हणतोय. बँकेचा उतारा काढून देतो म्हणाला, अजून दिलेला नाही. ड्रायव्हर नोकरी सोडून सुरतकडं गेलाय.

चौथ्या बिलाबद्दल आमच्या मुनीमकाकांच्या जुन्या व्हॉट्सॲपमध्ये एक गोष्ट सापडली. परभणीच्या पार्टीच्या ऑफिसच्या नंबरवरून एका डेबिट नोटचा (बिलातून रक्कम कापल्याची चिठ्ठी) फोटो आलेला आहे, गाडी आल्यानंतर चार दिवसांनी. त्यावर आमचा बिल नंबर, गाडी नंबर, आणि ‘वजन १८० किलो कमी आले’ असं लिहिलंय. खाली त्यांचा शिक्का. त्यावेळी मुनीमकाकांनी ‘बघून सांगतो’ लिहिलं आणि विषय राहून गेला.

हे चालेल का?

बिल्टीवाला_नांदेड

अहो शेठ! वजन कमी आलं म्हणजे गाडी आली की.

कोटवाला_लातूरकर

बिल्टीवाल्यांनी माझं अर्धं काम केलं. ज्यानं कमी वजनाची तक्रार केली त्याला बाकीचा माल मिळाला होता. चौथ्या बिलाचा बचाव या एका कागदानं मोडतो. १८० किलोचे पैसे मात्र सोडून द्या, त्यावर भांडू नका. ती नोट तुमच्या बाजूनं वापरायची तर पूर्ण वापरावी लागते.

आता तो फोटो नीट आणा. इलेक्ट्रॉनिक पुराव्याचा सर्वांत गाजलेला निकाल तुमच्याच गावचा आहे: अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल, सर्वोच्च न्यायालय, १४ जुलै २०२०. जालना विधानसभेचा २०१४ चा निकाल, उमेदवारी अर्ज वेळेत आले की वेळ संपल्यावर, आणि निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातलं व्हिडिओ चित्रीकरण. तिथं तीन न्यायमूर्तींनी ठाम सांगितलं, मूळ उपकरणच कोर्टात आणून त्याच्या मालकानं साक्ष दिली तर प्रश्न नाही, पण प्रिंट किंवा कॉपी लावायची असेल तर प्रमाणपत्र लागतंच. तेव्हा ते जुन्या पुरावा कायद्याचं कलम ६५बी होतं, आता साक्ष्य अधिनियमाचं कलम ६३. तुमचा दावा १ जुलै २०२४ नंतरचा असेल तर नवा नमुना, दोन भागांचा. एक भाग फोन वापरणाऱ्यानं द्यायचा, दुसरा तज्ज्ञानं, आणि फाइलची हॅश व्हॅल्यू (फाइल बदलली नाही हे दाखवणारा तिचा आकडा) लिहायची.

मुनीमकाकांना सांगा, तो फोन विकायचा नाही, फॉरमॅट करायचा नाही, चॅट डिलीट करायचं नाही. स्क्रीनशॉटवर लाल पेनानं गोल करून आणू नका, लोक आणतात.

उदगीरचा_पांथस्थ

पण कमर्शियल दाव्यात सगळे कागद दाव्यासोबतच लावायचे असतात ना? माझ्या मेहुण्याचा अर्ज याच कारणानं फेटाळला होता. डेबिट नोट तर दावा लावायच्या आधीपासून त्यांच्या फोनमध्येच होती.

कोटवाला_लातूरकर

हा प्रश्न मी वाटच बघत होतो. नियम तसाच आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ११ मधली कमर्शियल दाव्यांसाठीची दुरुस्ती कडक आहे, ताब्यातला कागद आधी दाखवला नाही तर परवानगी आणि सबळ कारण लागतं. पण त्याच नियमात अपवाद आहेत. प्रतिवादीच्या साक्षीदाराच्या उलटतपासणीपुरता लागणारा कागद, आणि दावा दाखल झाल्यानंतर प्रतिवादीनं जो नवा बचाव घेतला त्याला उत्तर म्हणून लागणारा कागद, यांना ती अट नाही. ‘माल मिळालाच नाही’ हे तुमच्या नोटिशीला उत्तर देताना ते म्हणाले होते का?

जालना_सळई (धागाकर्ता)

नोटिशीला उत्तरच दिलं नव्हतं. नोटीस घेतली होती, पोचपावती आहे. मध्यस्थीलाही आले नाहीत.

कोटवाला_लातूरकर

मग बचाव पहिल्यांदा लेखी कैफियतीत आला, असं म्हणायला जागा आहे. दोन्ही अंगांनी अर्ज करा: मुळात परवानगीची गरजच नाही, आणि लागतच असेल तर कारण असं की आधी या बिलावर वादच नव्हता. कोर्ट काय करील ते मी इथं बसून सांगू शकत नाही. अर्ज लगेच टाका, पुरावा सुरू व्हायच्या आत. त्याच दिवशी सीए साहेबांनी सांगितलेलं खरेदी रजिस्टर आणि खातं हजर करायचा अर्जही द्या. त्यांच्या खात्यात १८० किलोची डेबिट नोट चढवलेली दिसली तर फोटोवरचा वादही मिटतो.

तिसऱ्या बिलाला गाडीमालकाचा उतारा मिळवाच. नाही दिला तर त्याला साक्षीदार समन्स काढा. सुपरवायझर त्यांच्या पगारावर होता का, हे उलटतपासणीत विचारायला लावा. सही वाचता येत नाही ही अडचण दुय्यम, ती कुणाची हे ठरलं की झालं.

परळी_ट्रेडर्स

मधेच घुसतो. आमचाही असाच दावा लावायचा आहे. सर्वांत जुनं बिल तीन वर्षं व्हायला आलंय, पण पार्टीनं मधे थोडे पैसे दिलेत. मुदत कुठून धरायची?

कोटवाला_लातूरकर

उधारीची मुदत ठरलेली नसेल तर माल दिल्याच्या तारखेपासून तीन वर्षं, ठरलेली असेल तर ती मुदत संपल्यापासून. प्रत्येक बिलाचं वेगळं मोजा, शेवटच्या बिलावरून सगळी खपवू नका. मुदत संपायच्या आत त्यांनी सहीनिशी बाकी कबूल केली असेल, किंवा अंशतः रक्कम दिली असून ती त्यांच्या हस्ताक्षरात वा सहीत दिसत असेल, उदाहरणार्थ चेक, तर तिथून नवी मुदत. रोख दिलेले आणि तुमच्याच वहीत लिहिलेले पैसे इथं उपयोगी पडत नाहीत. रक्कम ३ लाख किंवा त्याहून जास्त असेल आणि तातडीचा अंतरिम हुकूम नको असेल तर आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात मध्यस्थीचा अर्ज सक्तीचा आहे, पण तो काळ मुदतीतून वगळतात. पेढी भागीदारीत आहे का? भागीदारी नोंदलेली नसेल तर दावाच चालत नाही, ते आज तपासा.

वाळूज_खरेदीवाला

धागाकर्ते, आमच्या गेटवर जे करतो ते सांगतो, फुकट घ्या. सिक्युरिटी रजिस्टरमध्ये गाडी नंबर, आत-बाहेरची वेळ, आमच्या काट्याचं वजन. मग माल पावती नंबर चलनावर लिहून ड्रायव्हरला परत. सप्लायरनं तेवढा नंबर बिलावर टाकला की पुढं दोघांनाही नाकारता येत नाही. परभणीच्या ठेकेदाराकडं गेट नसेल, पण त्यांचं ऑफिस व्हॉट्सॲपवर कमी वजन कळवतं, म्हणजे पूर्ण वजनही कळवू शकतं. पुढच्या गाडीपासून ड्रायव्हरला सांगा, उतरलेल्या मालाचा फोटो आणि चलनाचा फोटो साइटवरूनच दोघांच्या ग्रुपवर टाकायचा, मगच गाडी हलवायची.

बिल्टीवाला_नांदेड

ड्रायव्हरला त्याचे शंभर रुपये जास्त द्या, मग टाकतो.

जालना_सळई (धागाकर्ता)

देतो. गाडीमालकाचा उतारा आत्ताच व्हॉट्सॲपवर आला, सुपरवायझरच्या नावानं साडेआठ हजारांची एंट्री आहे आणि तारीख चलनाचीच. सोमवारी वकीलसाहेबांकडं जातो.